मुदत मागणे म्हणजे भीक नव्हे



कापूस वेचणीला आला की पाऊस येतो, आणि पाऊस गेला की बँकेची नोटीस. बोंडे झाडावर सडली, ज्वारी काळी पडली, तरी हप्त्याची तारीख चुकत नाही. मग आपण मान खाली घालून बँकेत उभे राहतो. जसा काही पाऊस आपणच पाडला.

आपत्तीनंतर कर्जाला मुदत मिळणे ही मॅनेजरची मेहेरबानी नाही. १७ ऑक्टोबर २०१८ रोजी रिझर्व्ह बँकेने व्यापारी बँकांना लेखी निर्देश दिले. पिकाचे नुकसान ३३ ते ५० टक्के असेल तर पीककर्ज फेडायला २ वर्षांपर्यंत मुदत, त्याहून जास्त असेल तर ५ वर्षांपर्यंत. त्यात किमान एक वर्ष हप्ता नाही. जादा तारण मागायचे नाही. पुढच्या पेरणीला नवे कर्ज द्यायचे.

मग घोडे अडते कुठे?

पहिले, मोजणीत. नुकसान होते वावराचे, पैसेवारी निघते गावाची आणि यादी लागते तालुक्याची. ३१ ऑक्टोबर २०१८ रोजी राज्य सरकारने १५१ तालुक्यांत दुष्काळ जाहीर केला. सवलतींत शेतीकर्जाच्या वसुलीला स्थगिती होती. शिवेच्या अलीकडचे पीक वाळले आणि पलीकडचेही वाळले. कागदाने मात्र एकालाच दुष्काळी म्हटले.

दुसरे, व्याजात. स्थगितीने वसुली थांबते, व्याज थांबत नाही. साधारण आपत्तीत पुनर्गठित कर्जावर केंद्राची व्याजसवलत पहिल्या वर्षापुरती, पुढे नेहमीचा दर. म्हणजे पीक बुडाले एकदा, भरपाई करायची पाच वर्षे.

या व्याजाविरुद्ध कोर्टात जावे, तर तिथे कुलूप आहे. १८७५ साली पुणे-नगर भागात कुणब्यांनी सावकारांच्या वह्या जाळल्या, तेव्हा इंग्रज सरकारने १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा केला आणि खताच्या मागे काय व्यवहार झाला ते तपासण्याचा अधिकार कोर्टाला दिला. स्वतंत्र भारताच्या सरकारने १९८४ साली बँकिंग नियमन कायद्यात कलम २१अ घातले: बँकेचे व्याज अवाजवी आहे एवढ्या कारणावरून कोर्टाला खाते उघडता येणार नाही. गोऱ्यांनी सावकाराची वही उघडली, आपल्यांनी बँकेची वही मिटली!

पण २०१८ साली जयंत वर्मा खटल्यात सुप्रीम कोर्टाने एक वाट मोकळी ठेवली. शेतीकर्जातून दिलासा हा राज्याचा विषय आहे. ज्या राज्याचा असा कायदा बँकेच्या कर्जालाही लागू होतो, तिथे २१अ आडवे येत नाही. महाराष्ट्राचा २०१४ चा सावकारी कायदा सावकारापुरताच. म्हणजे कुलूप दिल्लीचे असले तरी किल्ली मुंबईत आहे.

म्हणून मागणी माफीच्या तुकड्याची नको, कायद्याची हवी. आपत्तीच्या वर्षाचे व्याज कोर्टाला तपासता आले पाहिजे, आणि नुकसान वावरावर मोजले गेले पाहिजे.

तोवर एवढे करा. पंचनाम्याची नक्कल घ्या. पुनर्गठनाचा अर्ज लेखी द्या, पोच घ्या. नकार मिळाला तर तोही लेखी मागा. सह्या करण्याआधी व्याजाचा दर विचारा. हे कागद घेऊन जिल्हा बैठकीला या. एकट्याचा अर्ज टेबलाखाली जातो. शंभर अर्ज टेबलावर ठेवावे लागतात.