आवाज चिकटवायचा की घडवायचा?

परवा मामेभाऊ आला होता. मी 'स्पेस इन्व्हेडर्स'च्या सर्किटमध्ये डोकं खुपसून बसलेलो. बघून म्हणाला, "दादा, एवढं गणित कशाला? खऱ्या मशीनचा आवाज रेकॉर्ड कर आणि फाइल लावून टाक. कोणाला कळतंय?"

मला कळतंय ना बाबा! चहा थंड होईपर्यंत भांडलो. तरी समाधान झालं नाही, म्हणून ही पोस्ट.

मंडळी, टायटोच्या त्या १९७८च्या खेळात आवाजाची फाइल नव्हतीच. प्रोसेसर फक्त सिग्नल द्यायचा: गोळी सुटली, शत्रू मेला, फौज एक पाऊल सरकली. आवाज काढायचं काम रेझिस्टर-कपॅसिटरच्या सर्किटांचं. वरून जाणाऱ्या तबकडीसाठी एसएन७६४७७ नावाची चिप होती.

१९९७ साली 'मेम' हा एम्युलेटर आला (साहेबाची मेम नव्हे!). त्यातही अशा आवाजांना आधी रेकॉर्ड केलेल्या फायलीच लावत. 'डाँकी काँग'मधली (१९८१) पावलं आणि उड्यासुद्धा तशाच. त्यांची सर्किटं गणिताने चालवली ती पुढे. वेळ मारून नेली, त्याबद्दल तक्रार नाही. पण त्याला एम्युलेशन म्हणायचं? मग लग्नात सनईची कॅसेट लावणारा पोऱ्याही बिस्मिल्ला खानच की!

ती तबकडीच घ्या. चिपमधला एक मंद ऑसिलेटर दुसऱ्याचा सूर सतत वरखाली करत असतो, त्यात खंड नाही. फाइल पुन्हा पुन्हा वाजवली की दर फेरीला शिवण ऐकू येते. स्फोटाची खरखरही तशीच. नॉइज जनरेटर आपल्याच नादात धावत असतो, त्यामुळे दोन स्फोट तंतोतंत सारखे नसतात. फाइलीत मात्र प्रत्येक शत्रू एकच किंकाळी मारून मरतो.

भावाचा एक मुद्दा बिनतोड वाटला होता. कपॅसिटर छापील किमतीपेक्षा वीस टक्के इकडेतिकडे असतात, शिवाय वयाने वाळतात. मग 'खरा' आवाज कुठल्या मशीनचा? अरे, हेच तर म्हणतोय! रेकॉर्डिंगमध्ये त्या एका म्हाताऱ्या मशीनचं दुखणं कायमचं गोठतं. सर्किट गणितात मांडलं की एक आकडा बदलून नवं कोरं मशीनही ऐकता येतं आणि वाळलेलंही.

असो. तो म्हणतो, दोन्ही ऐकव, फरक कळला तर हरलो. ये रविवारी. तबकडी अर्धा मिनिट सलग फिरवणार आहे. येताना बाकरवडी आण.