झीलकऱ्याची दाद

पोवाडा गाणाऱ्या शाहिराचें नांव सर्वांच्या तोंडीं असतें. त्याच्या मागें उभा राहून झील धरणाऱ्याचें नांव कोणी विचारीत नाहीं. परंतु झीलकरी एखादे दिवशीं आला नाहीं म्हणजे शाहिराचा आवाज कसा उघडा पडतो, हें ज्यानें ऐकलें आहे त्यास आमची तक्रार चटकन् समजेल. मारामारीच्या हिंदी चित्रपटांतील दुय्यम नटांविषयीं आमच्या टीकाकारांनीं जें मौन धरिलें आहे, त्यासंबंधीं ही तक्रार आहे.

मॅक मोहन यांचेंच उदाहरण घेऊं. मूळ नांव मोहन माखिजानी. जन्म कराचीस, १९३८ सालीं. १९६४ च्या 'हकीकत'पासून २०१० सालीं मृत्यु येईपर्यंत हा मनुष्य पडद्यावर वावरला. सेहेचाळीस वर्षांच्या या कामाचें सार आमच्या लेखकांनीं काय काढिलें? तर १९७५ च्या 'शोले'मधील तीन शब्द! सांभा म्हणजे थट्टेचा विषय. याहून अधिक विचार करण्याचें कोणास कारणच वाटलें नाहीं.

पण त्या तीन शब्दांचें काम तरी कोणी नीट पाहिलें आहे काय? गब्बरसिंगानें आपल्या डोक्यावरील बक्षिसाचा आंकडा स्वतःच सांगितला असता तर ती बढाई ठरली असती. म्हणून तो विचारतो, आणि वर खडकावर बंदूक घेऊन बसलेला माणूस बाजारभाव सांगावा तितक्या कोरडेपणानें उत्तर देतो. धन्याची दहशत चाकराच्या त्या कोरडेपणांतून सिद्ध होते. १९८० च्या 'कर्ज'मध्यें तर खलनायक मुकाच आहे. तो पेल्यावर बोटें वाजवितो, आणि त्या टकटकीचा अर्थ शब्दांत सांगतात ते मॅक मोहन. ज्याची वाणीच उसनी, त्या खलनायकाची सारी कीर्ति मात्र त्याची एकट्याची!

यावर पहिला आक्षेप असा येईल कीं, हे नट एकाच सांच्यांतले. १९७८ च्या 'डॉन'मध्यें तर पात्राचें नांवही 'मॅक'च. आक्षेप खोटा नाहीं. मॅक मोहन यांच्या भूमिकांत मोठें वैविध्य होतें असें आम्ही म्हणत नाहीं. परंतु हा सांचा ओतला कोणी? निर्मात्यांनीं. आणि नायक वर्षानुवर्षें तोच राग, तीच चाल व तेंच हास्य घेऊन आला म्हणजे त्यास 'शैली' म्हणावयाचें व अनुचराच्या बाबतींत त्यासच 'दारिद्र्य' म्हणावयाचें, हा कोणता न्याय?

दुसरा आक्षेप असा कीं, प्रेक्षक येतो तो नायकासाठीं. येतो खरा. पण पडद्यावरील ठोसा बहुधा लागतच नाहीं. तो खरा वाटतो तो मार खाणाऱ्याच्या मानेच्या झटक्यामुळें आणि नेमक्या क्षणीं पडण्याच्या कसबामुळें. पडणाऱ्यानें अर्धा क्षण उशीर केला तर नायकाचें शौर्य हास्यास्पद होतें. जेथें पराक्रमच दुसऱ्याच्या पडण्यावर उभा आहे, तेथें पडणारा नगण्य कसा?

येथें आमचाही दोष आम्हांस कबूल केला पाहिजे. हॅम्लेट शिकवितांना होरेशिओवर आम्ही तासभर बोलतों. ऐकणारा मित्र नसता तर नायक आपलें मन कोणापाशीं उघडता, असें मुलांस विचारतों. आणि १० मे २०१० रोजीं मॅक मोहन वारले तेव्हां आम्ही वर्गांत म्हणालों, "सांभा गेला." एका मुलानें विचारिलें, "सर, त्यांचें नांव काय?" तें आम्हांस तत्काळ आठवलें नाहीं. जवळजवळ दोनशे चित्रपटांतून ज्याचा चेहरा आम्हीं पाहिला, त्याचें नांव आमच्या जिभेवर नव्हतें! त्या दिवशींची लाज अद्यापि गेलेली नाहीं. हा लेख त्या लाजेंतूनच निघाला आहे.

आमचें मागणें फार मोठें नाहीं. दुय्यम नटास नायक करा असें आम्ही म्हणत नाहीं. चित्रपटाचें परीक्षण लिहितांना नायकाच्या भोंवतीं जीं माणसें उभीं होतीं त्यांतील निदान एकाचें नांव लिहावें, आणि त्यानें काय केलें तें दोन वाक्यांत सांगावें. तो हयात असतांनाच सांगावें.