विश्लेषण : नाताळच्या रात्री कानात ‘सोबत’ का विकली जाते?

डिसेंबर आला की जपानमधल्या ऑनलाइन दुकानांत एका वेगळ्या मालाची भर पडते. नाताळची रात्र, बाहेर कडाक्याची थंडी आणि कानाशी कुजबुजणारा प्रेयसीचा किंवा प्रियकराचा आवाज. चित्र नाही, व्हिडीओ नाही, फक्त आवाज. हा प्रकार प्रौढांसाठीच्या मनोरंजनात मोडतो. पण तो का खपतो हे कळायला शरीरापेक्षा एकटेपणाकडे पाहावं लागतं.

नाताळच का?

जपानमध्ये ख्रिश्चन लोकसंख्या जेमतेम एक टक्का आहे आणि २५ डिसेंबरला राष्ट्रीय सुट्टीही नसते. तिथे नाताळची ओळख धार्मिक सण म्हणून कमी आणि जोडप्यांची रात्र म्हणून जास्त आहे. २४ डिसेंबरच्या संध्याकाळी रेस्टॉरंट आणि हॉटेलं प्रेमी युगुलांनी भरतात. त्या दिवशी सोबत कुणीच नसणाऱ्यांसाठी तरुणांनी ‘कुरिबोच्ची’ असा शब्दच रूढ केला आहे. अर्थ सरळ आहे : नाताळात एकटा पडलेला. म्हणजे ज्या रात्री एकटेपणा सगळ्यात जास्त टोचतो, त्याच रात्रीसाठी हा माल तयार होतो.

त्यात असतं काय?

‘डीएलसाइट’सारख्या जपानी संकेतस्थळांवर अशा ध्वनिमुद्रणांचा मोठा साठा आहे. त्यात कलाकार थेट ऐकणाऱ्याशी बोलतो, म्हणजे कथेतलं दुसरं पात्र ऐकणारा स्वतःच असतो. लैंगिक प्रसंग असतातच, पण नुसतं शेजारी झोपणं आणि कान साफ करून देणं हेही या प्रकारातले ठरलेले प्रसंग आहेत. मांडीवर डोकं ठेवून कान साफ करून घेणं ही तिथे आईच्या किंवा जोडीदाराच्या मायेची खूण मानली जाते. आपल्याकडे डोक्याला तेल चोळून देण्यात जो जिव्हाळा आहे, तसाच.

कान कसा फसतो?

आवाज एका कानात किंचित आधी आणि किंचित मोठा पोहोचतो. त्यावरून मेंदू दिशा ओळखतो. माणसाच्या डोक्याच्या आकाराच्या पुतळ्यात दोन्ही कानांच्या जागी मायक्रोफोन बसवून रेकॉर्डिंग केलं, तर हा फरक जसाच्या तसा टिपला जातो. हेडफोन लावल्यावर कुणीतरी उशीशी आहे असं वाटतं. चेहरा दिसत नसल्यामुळे तो ज्याचा त्याने कल्पावा.

हे फक्त जपानपुरतंच आहे का?

नाही. अमेरिकेत २०१८ मध्ये ‘डिप्सी’ आणि २०१९ मध्ये ‘क्विन’ या सेवा सुरू झाल्या. दोन्हींची उभारणी स्त्रियांनी, मुख्यतः स्त्री श्रोत्यांसाठी केली. अँड्र्यू स्कॉट यांच्यासारख्या नामवंत अभिनेत्यानेही ‘क्विन’साठी आवाज दिला आहे. तिकडच्या नाताळकथांचा साचा ओळखीचा आहे : बर्फामुळे रस्ता बंद, दोन माणसं आणि एकच खोली. ‘हॉलमार्क’ वाहिनीच्या सोज्ज्वळ नाताळपटांतही हेच सापडतं. ऑडिओ फक्त पुढे जातो, खोलीचं दार लागल्यानंतरही.

मग अडचण कुठे आहे?

जगात दर सहा जणांमागे एकाला एकटेपणा जाणवतो, असं जागतिक आरोग्य संघटनेने २०२५ च्या अहवालात म्हटलं आहे. एखाद्याला कानातल्या आवाजाने रात्र सोपी जात असेल, तर त्यात हसण्यासारखं काही नाही. कलाकारालाही कॅमेऱ्यासमोर यावं लागत नाही. पण आता थोड्याशा नमुन्यावरून एआय कुणाचाही आवाज हुबेहूब उचलू शकतं. गायक अरिजित सिंह यांनी आवाजाच्या अशा नकलेविरुद्ध २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयातून अंतरिम संरक्षण मिळवलं. टोपणनावाने काम करणाऱ्या कलाकाराला कोर्टाची पायरी चढायची तर आधी स्वतःचं नाव उघड करावं लागू शकतं.

ऐकणाऱ्यानेही सावध राहायला हवं. कोणत्या रात्री, किती वाजता, काय ऐकलं याची नोंद ॲपकडे राहू शकते. भारतात लैंगिक कृतीचं उघड साहित्य इलेक्ट्रॉनिक माध्यमातून प्रसारित केल्यास माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६७अ नुसार पहिल्या गुन्ह्यालाही पाच वर्षांपर्यंत कैद आणि दहा लाखांपर्यंत दंड होऊ शकतो. ‘नुसता ऑडिओच तर आहे’ म्हणून ग्रुपवर फॉरवर्ड करणं महागात पडू शकतं.

रेकॉर्डिंगमधला आवाज ‘मी आहे ना’ म्हणतो, पण त्याला ऐकणाऱ्याचं उत्तर ऐकू येत नाही. रात्र निभावून न्यायला तो पुरेसा असेलही. मात्र वर्षभर तेवढ्यावरच भागवावं लागत असेल, तर प्रश्न ऑडिओचा उरत नाही, आजूबाजूच्या माणसांचा होतो.