आदेश चुकीचा होता, हे ठरवणार कोण?

अवमानाचा कायदा म्हणजे इंग्रजांनी मागे ठेवलेला चाबूक. खुद्द इंग्लंडने तो टाकून दिला, आपण मात्र त्याने प्रामाणिक अधिकाऱ्यांना झोडपतो. आदेशच चुकीचा असेल तर तो न पाळण्यात गुन्हा कसला? हा युक्तिवाद नुकताच वाचला. लिहिणारे गृहस्थ सरकारी कामकाजाचे जाणकार आहेत, म्हणून संताप अधिक.

इंग्लंडमध्ये 2013 साली रद्द झाला तो न्यायालयाची बदनामी करण्याचा गुन्हा. आदेश मोडणाऱ्याला तिथे आजही दोन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. आपल्या 1971 च्या कायद्यातही दिवाणी अवमान आणि फौजदारी अवमान वेगळेच आहेत. न्यायाधीशांवर टीका केली म्हणून कोणाला शिक्षा होऊ नये, हे माझेही मत आहे आणि त्यावर पूर्वी पुष्कळ भांडून झाले आहे. पण त्या मुद्द्याच्या आडून एखाद्या निवृत्त शिक्षिकेचे निवृत्तिवेतन अडवणाऱ्याला वाचवणे, ही शुद्ध लबाडी आहे.

आणि 'आदेश चुकीचा होता' हे ठरवले कोणी? ज्याच्याविरुद्ध निकाल गेला, त्यानेच! चूक वाटली तर अपील आहे, पुनर्विलोकन आहे. नुसते अपील दाखल केल्याने स्थगिती मिळत नाही, हे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 41, नियम 5 मध्ये स्वच्छ लिहिले आहे. तरी कार्यालयांत काय चालते? निकालाची प्रत फाइलला लागते. फाइल अभिप्रायासाठी विधी विभागाकडे जाते, तिथून वित्त विभागाकडे, आणि मग शेरा पडतो : 'अपील प्रस्तावित'. स्थगितीचा अर्ज कोणी करत नाही, पैसेही कोणी देत नाही. अवमान कायद्याच्या कलम 20 प्रमाणे अवमानाची कारवाई वर्षाच्या आत सुरू व्हावी लागते. साधा पक्षकार साहेबांच्या शब्दावर विसंबून खेटे घालतो आणि ते वर्ष उलटून जाते. जो नेटाने अवमान याचिका करतो, त्याची रक्कम मात्र पुष्कळदा सुनावणीच्या तोंडावर जमा होते. मग इतके दिवस अडले होते कशासाठी? आदेश पाळणे शक्य होते, पाळायचा नव्हता.

प्रामाणिक अधिकारी भरडले जातात म्हणे. कायद्याला हेतुपुरस्सर उल्लंघन लागते. खरी अडचण असेल तर मुदतवाढ मागावी. अधिकाऱ्यांना ऊठसूट हजर राहायला लावू नये, हेही सर्वोच्च न्यायालयाने 2024 मध्ये बजावले आहे.

आता तो चाबूक पाहू. जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद, 2000 रुपये दंड. न्यायालयाला दिलेली हमी मोडल्याबद्दल 1994 मध्ये उत्तर प्रदेशच्या एका माजी मुख्यमंत्र्यांना झालेली कैद एका दिवसाची होती. आपल्याच राज्यात, न्यायालयाच्या आदेशाने बंदी असताना लाकूड गिरण्यांना परवानगी दिल्याबद्दल 2006 मध्ये एका मंत्र्याला आणि प्रधान सचिवाला महिनाभराची कैद झाली, तेव्हाही हाच गळा काढला गेला होता. त्या आदेशामागे जंगल होते, हे कोणी बोलले नाही.

माझी मागणी एवढीच : प्रत्येक आदेशात पालनाची तारीख आणि जबाबदार अधिकाऱ्याचे पद लिहावे. दंड त्या अधिकाऱ्याच्या पगारातून कापावा, आणि 1971 पासून गोठलेला 2000 रुपयांचा आकडा संसदेने बदलावा.