खिंड लढवणे म्हणजे काय?

मराठीत ‘खिंड लढवणे’ असा एक वाक्प्रचार आहे. मुख्य माणूस येईपर्यंत किंवा सुखरूप पोहोचेपर्यंत दुसऱ्याने बाजू धरून ठेवणे, हा त्याचा अर्थ. वर्गावर मुख्य अध्यापक नसताना नवखा सहकारी खिंड लढवतो, असे आपण सहज म्हणतो. या वाक्प्रचारात शत्रू किती मारले याचा हिशेब नाही. किती वेळ टिकलो याचा आहे. भाषेला जे कळले ते आपल्या युद्धपटांना अद्याप कळलेले नाही, अशी आमची तक्रार आहे.

कोल्हापूरकरांना हा इतिहास सांगण्याची गरज नसावी. तरीही थोडी उजळणी करू. १६६० च्या मार्चपासून सिद्दी जौहरचा पन्हाळ्याला वेढा. राजापूरच्या इंग्रजांनी तटस्थता गुंडाळून तोफा पुरवल्या. नेताजी पालकरांचा वेढा फोडण्याचा प्रयत्न फसला. जुलैच्या ऐन पावसात महाराज निसटले. शिवा काशीद पालखीत बसून मृत्यूला सामोरा गेला. बाजीप्रभू आणि बांदलांचे मावळे घोडखिंडीत उभे राहिले. महाराजांनाही विशाळगडाच्या पायथ्याशी सुर्वे-दळव्यांचा वेढा फोडूनच वर जावे लागले.

या प्रसंगाचा पडद्याशी संबंध जुना आहे, आणि तो कोल्हापूरचाच आहे. बाबूराव पेंटरांनी मूकपटाच्या काळात बाजीप्रभू पडद्यावर आणला. भालजी पेंढारकरांनी १९५६ साली ‘पावनखिंड’ काढला. २०२२ साली तर एकाच वर्षात दोन चित्रपट आले : फेब्रुवारीत दिग्पाल लांजेकरांचा ‘पावनखिंड’ आणि दिवाळीत ‘हर हर महादेव’. पहिल्याने बांदलांना आणि शिवा काशीदला पडद्यावर जागा दिली, याचे श्रेय आम्ही देतो. पण दोन्हींची मांडणी शेवटी एकाच ठिकाणी येते : एक देह, दोन तलवारी, आणि अंगावर मोजता येणार नाहीत इतके वार. लढाईचे कारण मागे पडते, जखमांची आरास उरते.

समकालीन साधने या लढाईबद्दल फार थोडे बोलतात. ‘तीनशे’ हा आकडा, तोफांच्या आवाजाची वाट पाहणारा बाजी, हे सारे उत्तरकालीन परंपरेने आणि पोवाड्यांनी घडवले. त्याला आमची हरकत नाही. कलेला मोकळीक हवीच. आक्षेप आहे तो या मोकळिकीच्या दारिद्र्याचा. कागद गप्प आहेत तिथे कल्पनेला केवढे रान मोकळे आहे! रात्रभर चिखल तुडवून आलेल्या माणसांना खिंडीत थांबायला सांगितले तेव्हा त्यांच्या मनात काय आले असेल? कोण कोणाशेजारी उभा राहिला असेल? बारा मावळांतल्या त्या शेतकऱ्यांना विशाळगड किती दूर वाटला असेल? हे प्रश्न पटकथेला पडत नाहीत.

कोरियातला २०१० सालचा एक युद्धपट येथे आठवतो. ऑगस्ट १९५० मध्ये पोहांगच्या मुलींच्या शाळेत ७१ विद्यार्थी-सैनिकांनी उत्तर कोरियाच्या फौजेला तासन्‌तास अडवले. त्यांतले ४८ मेले. तोही चित्रपट भडकपणापासून मुक्त नाही. पण त्याच्या मुळाशी एका मुलाने आईला लिहिलेले, त्याच्या मृत्यूनंतर सापडलेले पत्र आहे. मरणाऱ्याला भीती वाटते, हे त्या पत्रामुळे विसरता येत नाही. आमच्या मावळ्याला मात्र भीती वाटण्याचा अधिकारच नाही. ज्याला भीती नाही त्याच्या धैर्याला किंमत ती काय?

आणि शेवट? आमचे चित्रपट तोफांच्या आवाजावर संपतात. त्याच वर्षी तह होऊन पन्हाळा विजापूरकरांना द्यावा लागला, तो १६७३ साली कोंडाजी फर्जंदाने परत घेतला, हे प्रेक्षकाला सांगायचे नसते. वास्तविक यातच त्या बलिदानाचे मोल आहे. किल्ला गेला तरी चालेल, राजा वाचला पाहिजे, हा हिशेब त्या माणसांनी मरणाने फेडला. जेध्यांकडचा तलवारीच्या पहिल्या पानाचा मान बांदलांना मिळाला, असे जेधे घराण्याचेच कागद सांगतात. म्हणजे त्या काळाने पराक्रम एकट्याचा मानला नव्हता, जमावाचा मानला होता.

याबद्दल समीक्षेने बोलायला हवे होते. झाले काय? ‘हर हर महादेव’चे खेळ काही ठिकाणी बंद पाडले गेले, आणि विद्यापीठांतले आम्ही साहित्याचे लोक दोन्ही वेळा गप्प राहिलो : आरत्या चालल्या तेव्हाही, दंगा झाला तेव्हाही. चित्रपट बंद पाडणे ही समीक्षा नव्हे, आणि भावना दुखावतील म्हणून मौन धरणे हाही विवेक नव्हे. दर पावसाळ्यात शेकडो मुले पन्हाळ्याहून ती वाट चालतात. पायांना चिखल लागला की त्यांना त्या रात्रीचे काहीतरी कळते. वर्गात आम्ही त्यांना तेवढेही देत नसू, तर आमच्या वाट्याची खिंड आम्ही कधीच सोडून दिली आहे.