टिकेट क्लोज, बग तसाच

आमच्या धंद्यात एक फालतू युक्ती आहे. बग सुटत नसला की रिपोर्ट करणाऱ्याला दोन मेल टाकायचे आणि उत्तर आलं नाही की 'नो रिस्पॉन्स' असं लिहून टिकेट क्लोज करायचं. आकडे सुधारतात, बग तिथेच राहतो! आपली दिवाणी कोर्टं नेमकं हेच करतात. फरक इतकाच, की खारीज करण्याआधी पक्षकाराला थेट विचारायचं बंधनही त्यांच्यावर नाही.

१९०८ ची दिवाणी प्रक्रिया संहिता, ऑर्डर ९, नियम ८. पुकारा झाला, प्रतिवादी हजर, वादीतर्फे कुणीच नाही, तर दावा खारीज. प्रतिवादीनं काही कबूल केलं असेल तर तेवढं सोडून. नियम ९ म्हणतो, त्याच कारणासाठी नवा दावा लावता येणार नाही. गंमत म्हणजे दोघेही गैरहजर असले तर मुदतीत नवा दावा लावता येतो. म्हणजे तुमचा हक्क टिकणार की नाही, हे त्या दिवशी समोरचा आला होता की नाही यावर ठरू शकतं!

दावा पुन्हा उभा करायला ३० दिवसांत अर्ज करायचा. हे ३० दिवस खारीज झाल्यापासून मोजतात, तुम्हाला कळल्यापासून नाही. आणि कळणार कसं? आपण वकीलपत्र देतो, फी भरतो आणि कामाला लागतो. वकीलसाहेब 'तारीख पडली' म्हणाले की विषय संपला.

रफिक विरुद्ध मुन्शीलाल या १९८१ च्या निकालात सुप्रीम कोर्टानंच म्हटलं होतं, की वकिलाच्या गैरहजेरीची शिक्षा पक्षकाराला नको. नंतरच्या काही निकालांत मात्र पक्षकारानंही जागरूक राहावं असं सुनावलंय. ठीक आहे, राहू. पण मग जागं तरी करा की!

आता कुणी म्हणेल, दावा ठोकून गायब होणाऱ्यांचं काय? प्रतिवादीनं जन्मभर खेटे घालायचे का? मुद्दा रास्त आहे. अशांवर खर्च बसवा, तो प्रतिवादीला द्या आणि शेवटची एक तारीख देऊन खुशाल खारीज करा. पण त्या तारखेची नोटीस थेट पक्षकाराला गेली पाहिजे. सिलिंडर बुक केला की आपल्याला एसएमएस येतो. चाळीतल्या खोलीचा दावा बुडताना का येऊ नये?

हे अशक्य आहे असं म्हणू नका. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २७९ नुसार, समन्स खटल्यात फिर्यादी आला नाही तर आरोपीला सोडण्याआधी फिर्यादीला ३० दिवसांची संधी द्यावी लागते. फौजदारीत जे जमलं ते दिवाणीत का नाही?

तोवर एक करा. आपला सीएनआर नंबर वकिलाकडून मागून घ्या आणि ई-कोर्ट्सच्या अ‍ॅपवर पुढची तारीख स्वतः बघत जा. बँक बॅलन्स बघता ना, तसंच.