ड्राय-एज्ड बीफ आणि आपल्या चान्या

रायपूरच्या सदर बाजारात सोन्याचांदीच्या पेढ्या आहेत, साड्यांची दुकानं आहेत, जैन मंदिर आहे. संध्याकाळी आसपासच्या रस्त्यांवर गाड्या लागतात आणि समोशाच्या शेजारी आता बर्गरही मिळतो. आलू टिक्कीचा, पनीरचा, फार तर चिकनचा. न्यूयॉर्क-लंडनचे खवय्ये ज्याच्यासाठी खिसा मोकळा करतात, तो ड्राय-एज्ड बीफचा बर्गर इथे मिळत नाही आणि मिळणारही नाही. छत्तीसगडच्या 2004 च्या कृषिक पशु परिरक्षण कायद्यानुसार गाय, बैल, वासरू तर सोडाच, म्हैस आणि रेडा कापणंही गुन्हा आहे. मांस जवळ बाळगणं हाही गुन्हा. शिक्षा 7 वर्षांपर्यंत कैद आणि 50,000 रुपयांपर्यंत दंड. महाराष्ट्रात निदान म्हशी-रेड्याचं मांस कायद्यात बसतं. इथे तेही नाही.

मला त्या बर्गरचं दुःख नाही. पीएचडीच्या कामासाठी मी दोन वर्षं रायपुरात राहते आहे. इथल्या मराठी बौद्ध आणि सतनामी वस्त्यांतली पहिली शिकलेली पिढी हा माझा विषय आहे. पण हा एक पदार्थ समोर ठेवला की ‘शुद्ध’ आणि ‘अशुद्ध’ अन्नाचा सगळा व्यवहार उघडा पडतो. मांस कुणाच्या ताटात आहे, यावर ते घाण की खानदानी चव हे ठरतं. आणि आपल्यापैकी जे घराण्यात पहिल्यांदा पदवीपर्यंत पोहोचले, त्यांच्यातले बरेचजण हा निवाडा निमूटपणे मान्य करू लागले आहेत. माझं भांडण त्याच्याशी आहे.

आधी हे ड्राय-एज्ड प्रकरण काय आहे ते पाहू. जनावराच्या मांसाचे मोठे तुकडे शून्याच्या जरा वरच्या तापमानाला, हवा खेळती ठेवून, तीन-चार आठवडे किंवा त्याहून जास्त टांगून ठेवतात. मांसातलं पाणी हळूहळू उडतं, वजन घटतं, चव दाट होते. मांसातलीच विकरं म्हणजे एन्झाइम तंतू सैल करतात, त्यामुळे ते मऊ पडतं. वरचा भाग काळा, कडक होतो, त्यावर कधी बुरशीही येते. तो भाग कापून टाकतात आणि आतलं विकतात. पाणी उडालं, वरचा भाग वाया गेला, वर शीतगृहाचं भाडं, म्हणून ते महाग. त्याच्या उग्र वासाचं खाद्यसमीक्षक कौतुक करतात. बदाम-अक्रोडाच्या, जुन्या चीजच्या वासाशी त्याची तुलना होते.

आता आपल्या घरात या. माझं गाव नांदेड जिल्ह्यात. आजी मांसाच्या लांब पट्ट्या कापायची, मीठ-हळद लावायची आणि दोरीवर उन्हात वाळत घालायची. याला चान्या म्हणतात. फ्रिज नव्हता, रोज मांस घ्यायला पैसे नव्हते. मिळालं तेव्हा वाळवून ठेवायचं आणि पावसाळ्यात हाताला काम नसलं की निखाऱ्यावर भाजून नाहीतर कालवणात टाकून खायचं. शाहू पाटोळे यांनी ‘अन्न हे अपूर्ण ब्रह्म’ या 2015 च्या पुस्तकात मराठवाड्यातल्या दलित स्वयंपाकघराची नोंद केली नसती, तर मराठी पाककृतींच्या छापील जगात या अन्नाला जागाच मिळाली नसती. साबुदाण्याचे आणि वरणफळांचे शंभर प्रकार छापणाऱ्या मराठीला चान्या माहीतच नव्हत्या, असं कसं म्हणायचं? माहीत होत्या. गावकुसाबाहेरच्या दोरीवर त्या सगळ्या गावाला दिसत होत्या.

दोन्हीकडे ज्ञान एकच: मांसातलं पाणी काढा, ते टिकतं आणि चव घट्ट होते. एकाने ते काचेच्या कपाटात केलं आणि त्याला कला म्हटलं. दुसरीने ते दोरीवर केलं, तर तिच्या नातीला शाळेत वेगळं बसवलं. फरक मांसात शोधून सापडणार नाही.

कायद्यातही हीच लबाडी आहे. 1956 पर्यंत रायपूर आणि नागपूर एकाच प्रांतात होते आणि राजधानी नागपूर होती. मध्य प्रांत व वऱ्हाडचा पशुसंरक्षण कायदा 1949 चा. म्हणजे रायपूरच्या ताटावरचा पहारा नागपूरहून सुरू झाला. बिहार आणि उत्तर प्रदेशच्या कायद्यांबरोबर या कायद्यालाही कुरेशी समाजाच्या कसायांनी सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलं. 1958 च्या मोहम्मद हनीफ कुरेशी खटल्यात न्यायालयाने गाय आणि वासरांची बंदी कायम ठेवली, पण कामातून गेलेले बैल आणि म्हशी कापायलाही पूर्ण बंदी घालणं अवाजवी ठरवलं. 2005 मध्ये गुजरातच्या खटल्यात सात न्यायाधीशांच्या पीठाने बहुमताने बैलांच्या संपूर्ण बंदीलाही मान्यता दिली. राज्यघटनेचं 48 वं कलम शेती आणि पशुपालन आधुनिक, शास्त्रीय पद्धतीने करण्याची भाषा बोलतं. त्या शास्त्रीय भाषेच्या पोटात काय दडवलं गेलं, ते गेली सत्तर वर्षं आपण पाहतो आहोत.

शेतीचा कळवळा असता तर भाकड जनावराचं काय करायचं, याचं उत्तर शेतकऱ्याला मिळालं असतं. ऑगस्ट 2017 मध्ये दुर्ग जिल्ह्यात सरकारी अनुदान घेणाऱ्या गोशाळांत गायी चारापाण्यावाचून मेल्या आणि त्या चालवणारा सत्ताधारी पक्षाचाच स्थानिक नेता निघाला. त्याच वर्षी राज्याच्या मुख्यमंत्र्यांनी गाय मारणाऱ्याला लटकवण्याची भाषा केली होती. पुढे सरकार बदललं. 2020 मध्ये नव्या सरकारने गोधन न्याय योजना आणली आणि शेण दोन रुपये किलोने विकत घेतलं. शेण विकून गरिबाच्या हातात चार पैसे आले, त्याला माझी हरकत नाही. पण पक्ष कोणताही असो, गायीच्या शेणाला भाव ठरला आणि मेलेली गाय ओढून नेणाऱ्या माणसाला कुणी किंमत दिली नाही. 2016 मध्ये गुजरातेत उनाजवळ मेलेल्या गायीचं कातडं काढणाऱ्या दलित तरुणांना उघडं करून मारलं. त्यानंतर तिथल्या दलितांनी मेलेली जनावरं उचलायचं बंद केलं आणि ती नेऊन सरकारी कचेरीसमोर टाकली. गाय तुमची माता असेल तर तिचं शेवटचं तुम्हीच करा, हा त्याचा साधा अर्थ होता.

आणि या कायद्याच्या आडोशाने माणसं मरतात. 7 जून 2024 ला याच रायपूर जिल्ह्यात, आरंगजवळ, म्हशी नेणाऱ्या ट्रकचा पाठलाग झाला. ट्रकमधली उत्तर प्रदेशातली तीन मुस्लिम माणसं महानदीच्या पुलाखाली सापडली. तिघेही मेले. म्हशी होत्या, गायी नव्हत्या, हे मी बचाव म्हणून सांगत नाही. गायी असत्या तरी त्यांना मारायचा हक्क कुणालाच नव्हता. महाराष्ट्रात 2025 च्या पावसाळ्यात कुरेशी व्यापाऱ्यांनी स्वयंघोषित गोरक्षकांच्या जाचाला कंटाळून जनावरांची खरेदीच थांबवली. तेव्हा आठवडी बाजार ओस पडले आणि जनावर विकून पेरणी करणारा शेतकरी अडकला. कसाई, चांभार, ढोर, मांग, महार, मुसलमान आणि कोरडवाहू शेतकरी हे सगळे एकाच साखळीतले आहेत. आपल्याला मात्र हे वेगवेगळे प्रश्न म्हणून शिकवले जातात.

आता मला सर्वांत महत्त्वाचा वाटणारा मुद्दा. बरेच शिकलेले मित्र म्हणतात, सोडून द्या ना मांस, कशाला वाद? त्यांनी छत्तीसगडचा इतिहास पाहावा. गुरु घासीदास 1756 मध्ये गिरौदपुरीत जन्मले. सतनाम पंथाच्या शिकवणीत मांस सोडा, दारू सोडा, मूर्तिपूजा सोडा, जात मानू नका, गायीला नांगराला जुंपू नका, हे सगळं होतं. लाखो सतनाम्यांनी पिढ्यानपिढ्या ते पाळलं. ज्याला सवर्ण ‘शुद्ध आहार’ म्हणतात, तो त्यांनी अनेक सवर्णांहून कडक पाळला. मग अस्पृश्यता गेली का? नाही. मांस सोडूनही विहीर मिळाली नाही, मंदिर मिळालं नाही. आज 18 डिसेंबरला, घासीदास जयंतीला, रायपूर महापालिका मांसाची दुकानं बंद ठेवते. ‘मनखे-मनखे एक समान’ हा त्यांचा संदेश लागू करायचा दिवस मात्र कोणत्याच महापालिकेने अजून जाहीर केलेला नाही. सतनाम्यांचा अनुभव आपल्याला एवढं नक्की सांगतो: ताट बदललं म्हणून जात बदलत नाही. शाकाहार हे जातीतून बाहेर पडण्याचं तिकीट कधीच नव्हतं.

इथे कुणी बाबासाहेबांचं नाव घेईल. 1927 मध्ये महाडला त्यांनी मेलेल्या जनावराचं मांस सोडायला सांगितलंच होतं. होय, सांगितलं होतं. पण ते मांस आपल्यापर्यंत कसं येत होतं ते आठवा. गावाचं मेलेलं ढोर ओढायचं आणि त्या बदल्यात तेच खायचं, असा तो गुलामीचा करार होता. बाबासाहेबांनी तो करार मोडायला सांगितला. 1948 च्या अस्पृश्यतेवरील ग्रंथात तर त्यांनी वैदिक यज्ञांत गायी कापल्या जात आणि ब्राह्मण गोमांस खात, याचे पुरावेच मांडले. बौद्ध धम्माशी स्पर्धा करताना ब्राह्मणांनी ते सोडलं आणि जे खात राहिले ते अस्पृश्य ठरले, अशी त्यांची मांडणी आहे. ती पटो न पटो, प्रश्न त्यांनी नेमका ओळखला होता: एकेकाळी सगळेच खात होते, तर कलंक फक्त आपल्याच कपाळी का?

दुसऱ्या बाजूलाही एक ढोंग आहे. मुंबई-बंगळुरूच्या इंग्रजी वर्तुळात बीफ म्हणजे ‘व्यक्तिस्वातंत्र्य’. मेनूकार्डावर ‘बफ’ लिहिलेलं असतं, सवर्ण मुलगा ते खातो, फोटो टाकतो आणि बंडखोर ठरतो. घरी गेल्यावर त्याचं सोवळं जसंच्या तसं असतं. त्याची जात बाटत नाही, त्याला खोली नाकारली जात नाही, त्याच्या पिशवीची झडती होत नाही. मला रायपुरात खोली शोधताना घरमालकांनी आधी आडनाव विचारलं आणि मग ‘खाना-पीना’. त्यांना दोन्ही प्रश्नांचं उत्तर एकच वाटत होतं. त्याच्यासाठी जी निवड आहे, ती माझ्यासाठी जातीचा दाखला आहे. म्हणून ‘ज्याला जे हवं ते खाऊ द्या’ एवढंच म्हणणाऱ्यांची साथ अर्ध्या वाटेपर्यंतच असते. 2012 मध्ये उस्मानिया विद्यापीठात दलित-बहुजन विद्यार्थ्यांनी बीफ फेस्टिव्हल केला आणि त्यांच्यावर हल्ला झाला. त्यांनी तिथे खाण्याचा शौक मिरवला नव्हता. विद्यापीठाच्या मेसमध्ये कुणाची संस्कृती शिजते, हा प्रश्न त्यांनी विचारला होता.

बाजाराला तर हे सगळं केव्हाच कळलेलं आहे. 1996 मध्ये मॅकडोनल्ड्स भारतात आलं ते गोमांस आणि डुकराचं मांस दारातच ठेवून. ‘भारतीयांच्या भावना’ म्हणजे कुणाच्या भावना, हे त्या कंपनीला पहिल्याच दिवशी समजलं. तिकडे हाच देश दरवर्षी तीन अब्ज डॉलरहून जास्त किमतीचं म्हशीचं मांस परदेशी पाठवतो. डॉलर आणणारं मांस पवित्र ना अपवित्र, ती नुसती निर्यात. रायपूरच्या वस्तीतल्या पातेल्यात तेच शिजलं की सात वर्षं कैद.

आणि या सगळ्याची किंमत आपली लेकरं मोजतात. देशात पाच वर्षांखालच्या सुमारे दोन तृतीयांश मुलांना रक्तक्षय म्हणजे अ‍ॅनिमिया आहे, असं राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाची पाचवी फेरी सांगते. तरीही 2019 मध्ये छत्तीसगडच्या शाळांत अंडं द्यायचं म्हटल्यावर विरोध उभा राहिला आणि सरकार नरमलं. महाराष्ट्राने 2025 च्या जानेवारीत पोषण आहारातल्या अंड्यांचा निधी बंद केला. बीफपासून सुरू झालेला हा सोवळेपणा अंड्यापर्यंत पोहोचला आहे. ज्याला मनापासून मांस नको, त्याने खुशाल खाऊ नये. पण त्याच्या नकोपणावर दुसऱ्याच्या लेकराची उपासमार उभी करता येणार नाही.

शेवटी आपल्याबद्दल. हॉस्टेलमध्ये, ऑफिसात कुणी विचारलं की आपल्यातले कितीतरी जण ‘मी व्हेज’ असं पटकन म्हणून मोकळे होतात. खोली टिकवायची असते, नोकरी टिकवायची असते, आणि काही राज्यांत तर तुरुंगही टाळायचा असतो. त्यात मी कुणालाही दोष देत नाही. कुणी कायदा मोडून हौतात्म्य पत्करावं, असंही म्हणत नाही. पण बाहेर गप्प राहणं वेगळं आणि घरी जाऊन आईला ‘हे असलं शिजवू नकोस, वास येतो’ म्हणणं वेगळं. पहिल्यात नाइलाज आहे. दुसऱ्यात आपण सदर बाजाराची नजर घेऊन आपल्याच चुलीकडे पाहतो.

पदवी आपल्याला लिहायला शिकवते, तर मग लिहू या. आईला, आजीला विचारा: काय शिजायचं, कसं टिकवायचे, कुणाकडून यायचं, काय बदल्यात यायचं. तिच्या शब्दांत उतरवून ठेवा. प्रबंधात लिहा, गटचर्चेत मांडा, कायद्याचे विद्यार्थी असाल तर 1958 आणि 2005 चे निकाल शेजारी ठेवून वाचा. मेसच्या समितीवर बसा आणि अंड्याचा ठराव मांडा. ज्यांनी आपलं अन्न आधी आपल्यावर लादलं, मग त्यावरून आपल्याला बाटवलं आणि आता तेच महागड्या ताटात वाढून घेतलं, त्यांच्याकडून शुद्धतेचं प्रमाणपत्र मागायची गरज उरलेली नाही.

जय भीम! जय सतनाम!